वस्तरा मानेवर असताना

"आपल्या घराण्यात तीन पिढ्यांत कुणी खोटं बोललेलं नाही," मामा म्हणाले. हे वाक्य दुकानाच्या चारही भिंतींपर्यंत नीट पोचावं म्हणून त्यांनी आधी उठून पंखा बंद केला होता.

अक्का दाराजवळच्या बाकावर बसली होती. मामांची ही थोरली बहीण गेली सात वर्षं त्यांच्याशी थेट बोलत नव्हती. जे काही सांगायचं ते शेजारी बसलेल्याकडे सोपवायची. आताही ती मामींना म्हणाली, "याला विचार, लग्नाच्या वेळी वय किती सांगितलं होतं."

"सव्वीस," मामींनी परस्पर उत्तर दिलं. "एकतीस निघालं. शिवाय बासरी वाजवता येते असंही सांगितलं होतं."

मामांनी पंखा पुन्हा लावला.

साप्ताहिक सुट्टीचा दिवस होता. शटर अर्धवट खाली ओढलेलं, म्हणजे आत माणसं आहेत पण कात्री बंद आहे एवढं रस्त्याला कळावं इतपत. दुकान लांबट. तीन खुर्च्या ओळीने, त्यांच्या समोर भिंतभर आरसा, आणि खुर्च्यांच्या पाठीमागे दार. दारासमोर रस्ता, आणि रस्त्यापलीकडे नाकासमोर चढत जाणारी गल्ली. शेजारच्या इमारतीत छापखाना. सात वर्षांपूर्वी संध्याकाळी साडेसहाला त्या छापखान्याच्या मालकाचा खून झाला. कागद कापायच्या मशीनचा लोखंडी दांडा कुणीतरी त्याच्या डोक्यात घातला होता. त्या खुनाबद्दल अक्काचा जावई जन्मठेप भोगत होता, आणि तो ज्या साक्षीवर भोगत होता ती साक्ष मामांची होती.

साक्षीचा पुरावा दरपत्रकाच्या शेजारी काचेत लावलेला होता. निकालपत्रातला एक परिच्छेद: "साक्षीदार क्रमांक चार हा व्यवसायाने निरीक्षणाची सवय असलेला, स्वतंत्र वृत्तीचा इसम आहे. त्याने प्रत्यक्ष नात्यातील माणसाविरुद्ध साक्ष दिलेली असल्याने खोटे बोलण्याचे त्यास काहीही कारण दिसत नाही. त्याची साक्ष संपूर्णपणे विश्वासार्ह आहे." मामांना आयुष्यात मिळालेलं हे एकमेव लेखी कौतुक. निकाल लागल्यानंतर आठ दिवसांत त्यांनी ते काचेत बसवून घेतलं. त्याच पानावर खाली भाचीच्या नवऱ्याची जन्मठेप होती, पण काच बसवणारा कुशल कारागीर होता, त्याने ती बरोबर कापून टाकली. ही गोष्ट आपल्याला शोभली नाही हे मामांना साधारण तिसऱ्या वर्षी कळलं. पण तोवर भिंतीला खिळा बसला होता, आणि मामांचा स्वभाव असा की एकदा बसलेला खिळा काढण्यापेक्षा ते खिळ्याचं समर्थन करत.

अपिलाची सुनावणी परवा होती. म्हणूनच मामांच्या मुलीने, म्हणजे वकीलबाईने, सगळ्यांना इथे बोलावलं होतं. ती मोठ्या वकिलांच्या हाताखाली काम करत होती. अपील मोठे वकील चालवणार होते, कागद वाचायचं काम तिचं. मधल्या खुर्चीत तिने फाइल पसरली होती. पहिल्या खुर्चीत भाची बसली होती, जिचा नवरा तुरुंगात होता. ती आल्यापासून एक शब्द बोलली नव्हती. मामांचा धाकटा भाऊ, जो तिसऱ्या खुर्चीवर केस कापायचा, तो आज त्याच खुर्चीला टेकून उभा होता. बसायचा हक्क असला तरी सवय नव्हती.

वकीलबाईने आधी अपील म्हणजे काय ते समजावून सांगितलं. वरच्या कोर्टात साक्षीदाराला सहसा पुन्हा पिंजऱ्यात उभं करत नाहीत. तिथे माणसं नसतात, कागद असतात. कोण बोलताना अडखळला, कुणाचा आवाज खणखणीत होता, हे खालच्या न्यायाधीशांनी पाहिलेलं असतं, म्हणून त्यांच्या मताला वजन असतं. वरचे फक्त बघतात की ते वजन कागदावर पेलतं का. हे ऐकून मामा खट्टू झाले. साक्षीच्या दिवशी त्यांनी धाकट्याचा कोट मागून घेतला होता आणि आवाजासाठी दोन दिवस ताक बंद केलं होतं. यातलं काहीच कागदावर उतरलं नव्हतं.

कागदावर जे होतं ते थोडं होतं. खुनाच्या वेळेनंतर लगेच छापखान्याचा तपकिरी डगला घातलेला एक माणूस गल्लीतून वर गेला. पाठमोरा होता. कागदात गुंडाळलेलं लांब काहीतरी त्याच्या डाव्या हातात होतं. तो डगला छापखान्यातले अकराही जण घालत. पण जावयाच्या उजव्या हाताची दोन बोटं मशीनमध्ये गेलेली, त्या हाताने त्याला कपसुद्धा धरता येत नसे. जड वस्तू डाव्या हाताने नेणारा अकरा जणांत तो एकटा. त्यातून मालकाशी आदल्याच दिवशी रजेवरून त्याचं भांडण झालेलं. एवढ्यावर कोर्टाची साखळी पुरी झाली.

"मी त्याचं नाव घेतलंच नव्हतं," मामा म्हणाले. सात वर्षं हे वाक्य ते वापरत आले होते आणि ते आता बरंच झिजलं होतं. "मी हात सांगितला."

"याला सांग, तो हात म्हणजेच नाव," अक्का मामींना म्हणाली.

वकीलबाईने चष्मा पुसला. बापाची उलटतपासणी घ्यायची वेळ कुठल्याच अभ्यासक्रमात येत नाही, त्यामुळे ती जरा चाचरतच सुरू झाली. "बाबा, तो माणूस तुम्ही कसा पाहिलात, ते सांगा."

मामांनी घसा साफ केला आणि सांगितलं. छापखान्यात काहीतरी पडल्याचा आवाज आला, तसे ते वळले, दारापर्यंत गेले, उंबऱ्यावर उभे राहिले, तर तो समोरून वर चाललेला. त्यांनी "कोण ते?" म्हणून हाकही मारली. तो थांबला नाही, तेव्हा मामा दोन पावलं त्याच्या मागे...

"मागच्या वर्षी तुम्ही कोपऱ्यापर्यंत गेला होतात," वकीलबाई म्हणाली.

"कोपऱ्यापर्यंत?"

"पोस्टमनला सांगताना. मी इथेच होते."

मग तिने फाइलमधून पिवळा पडलेला कागद काढला आणि वाचला. खून झाल्यानंतर तिसऱ्या दिवशी मामांनी पोलिसांना दिलेला जबाब. त्यात आवाज नव्हता, उंबरा नव्हता, हाक नव्हती. "मी दुकानात काम करीत असताना सदर इसम गल्लीतून वर जाताना मला दिसला," एवढंच होतं. कोर्टातही साधारण तेवढंच. बाकीचं सगळं नंतर, खुर्चीमागे उभं राहून तयार झालं होतं. पहिल्या वर्षी मामा नुसते वळले. दुसऱ्या वर्षी दारापर्यंत आले. पुढे हाक आली, मग पावलं. यात लबाडी नव्हती. केस कापायला वीस मिनिटं लागतात, आणि जी गोष्ट सांगायची ती वीस मिनिटं पुरली पाहिजे, ही धंद्याची अडचण. हजारभर वेळा सांगितल्यावर ती मामांना स्वतःलाच इतकी लख्ख आठवू लागली होती की उंबऱ्याचा थंडपणा पायाला जाणवे.

"कोर्ट नेहमी पहिला जबाब धरतं," वकीलबाई म्हणाली. "नंतर जे वाढतं त्याला सुधारणा म्हणतात. आणि ते कौतुक नसतं."

धाकटा भावाच्या बाजूने पुढे सरसावला. दादाची नजर सगळ्या बाजारात प्रसिद्ध आहे, तो म्हणाला, रस्त्यावरून कुणाचे केस वाढलेत ते दादा पाठ फिरवून सांगतो. हे बोलताना त्याला वाटलं आपण साक्षीदाराला वाचवतोय. वकीलबाईने मात्र 'पाठ फिरवून' हे शब्द वहीत लिहून घेतले.

"त्या वेळी तुमच्या खुर्चीत कोण होतं?"

"शाळेतले मास्तर. कोर्टातही सांगितलं मी."

मास्तरांचीही साक्ष झाली होती. दीड पानाची. त्यांना काहीच दिसलं नव्हतं म्हणून ती सात वर्षांत कुणी धड वाचली नव्हती. वकीलबाईने ती वाचली. मास्तर म्हणत होते, मी मान खाली घालून बसलो होतो, कारण मानेवर वस्तरा चालू होता. पंख्याचा आवाज येत होता. न्हावी काही बोलला नाही व हलला नाही. मला काही दिसले नाही.

तिने कागद खाली ठेवला. "बाबा, मास्तरांच्या मानेवर उघडा वस्तरा होता. आणि तुम्ही मागे वळून पाहिलंत?"

मामा ताठ झाले. त्यांच्या अंगात दोन माणसं राहत होती, एक साक्षीदार क्रमांक चार आणि एक कारागीर. साक्षीदार सात वर्षांचा होता, कारागीर बेचाळीस वर्षांचा. आणि जुना भाडेकरू आधी बोलला.

"वेडी आहेस का तू? वस्तरा मानेवर असताना कोण वळतं? बेचाळीस वर्षांत एक ओरखडा नाही माझ्या हातून. गल्लीत हत्ती आला असता तरी वळलो नसतो."

"मग तो माणूस दिसला कसा?"

"कसा म्हणजे? आरशात दिसतं की सगळं."

पंखा फिरत होता. बोलून झाल्यावर आपण काय बोललो ते मामांना सगळ्यात शेवटी ऐकू आलं. पुढ्यातल्या आरशात त्यांना दार दिसलं, रस्ता दिसला, चढती गल्ली दिसली, आणि बाकावरून उभी राहिलेली अक्का दिसली.

आता यात कुणाला नवल वाटेल, पण मामांनी ही गोष्ट लपवलेली नव्हती. चष्मा लावणारा माणूस कधी 'मी चष्म्यातून पाहिलं' असं म्हणत नाही, तो 'पाहिलं' म्हणतो. मामा एकोणिसाव्या वर्षापासून रोज बारा तास रस्त्याकडे पाठ करून उभे होते. गावात कुणाची सून माहेरी निघाली, कुणाची नवी सायकल आली, हे सगळं त्यांनी आरशातच पाहिलं होतं आणि त्याला ते पाहणंच म्हणत आले होते. खुर्चीतल्या गिऱ्हाइकाचं आणि त्यांचं तोंड एकाच बाजूला असतं. आरशात जी बाजू डावीकडे ती गिऱ्हाइकाची डावी, तीच मामांचीही डावी. बेचाळीस वर्षांत कल्ला कधी चुकला नाही. हा नियम दुकानाबाहेर, आरशाकडे पाठ करून चालणाऱ्या माणसाला लागू होत नाही, हे तपासून बघायची वेळ त्यांच्यावर कधी आली नव्हती. आली तेव्हा त्यांनी शपथेवर उत्तर दिलं. बचावाच्या जुन्या वकिलांनी त्यांना बेचाळीस प्रश्न विचारले होते: नजर कशी, उजेड किती, जावयाशी वैर काय, दारू पिता का. तोंड कुठे होतं, हे मात्र विचारलं नव्हतं. वकीलबाईलाही ते अकरा वेळा वाचून कळलं नव्हतं. मागच्या आठवड्यात ती दुसऱ्या गावी केस कापायला बसली आणि समोरच्या आरशात बाहेरच्या औषधाच्या दुकानाची पाटी तिला उलटी दिसली, तेव्हा ती अर्धे केस कापलेल्या अवस्थेत उठून मोठ्या वकिलांना फोन करायला गेली होती.

"बघूनच घेऊ," मामा म्हणाले. आवाज त्यांनी शक्य तितका बेफिकीर ठेवला.

शटर वर गेलं. केरसुणीला टॉवेल गुंडाळून दांडा तयार झाला. भाची खुर्चीत होतीच, ती मास्तर झाली. मामा तिच्या मागे उभे राहिले, वस्तऱ्याऐवजी कंगवा हातात घेतला आणि तिची मान हलकेच खाली दाबली. ती लहान असताना तिचे केस ते असेच कापायचे. तेव्हा ती सतत हलायची. आज अजिबात हलली नाही.

धाकट्याने उजव्या हातात केरसुणी घेतली आणि रस्ता ओलांडून गल्लीतून वर चालू लागला. पाच पावलांवर त्याने आपल्याकडे बघतायत ना म्हणून वळून पाहिलं. दहा पावलांवर एक गिऱ्हाईक भेटलं आणि आज दुकान उघडं कसं म्हणून विचारू लागलं. धाकट्याने केरसुणी या हातातून त्या हातात घेत त्याला सविस्तर उत्तर दिलं.

"हे ग्राह्य नाही," वकीलबाई म्हणाली.

मामांना तेवढ्यानेही हुरूप आला. हात बदलला की नाही, ते म्हणाले, त्या दिवशी त्यानेही बदलला असेल. माणसाचा काय भरवसा. असं बरंच काही बोलायचा त्यांचा बेत होता, पण अक्का रस्त्यात गेली होती. तिने धाकट्याकडून केरसुणी काढून घेतली, उजव्या मुठीत आवळून धरली, आणि गल्ली चढू लागली. तिचे गुडघे दुखत. प्रत्येक पावलाला ती जराशी कलत होती. ती ना थांबली, ना वळली. समोरून येणाऱ्या माणसांनी बाजूला होऊन तिला वाट दिली.

मामा आरशात बघत होते. कंगवा भाचीच्या मानेवर तसाच होता.

"कुठला हात?" वकीलबाईने विचारलं.

"डावा," मामा म्हणाले. लगेच, विचार न करता, जसं ते त्या दिवशी म्हणाले होते. अक्काने केरसुणी उजव्या मुठीत घेतल्याचं त्यांना चांगलं ठाऊक होतं, तरीही तोंडातून हेच आलं.

"आता वळा."

त्यांनी कंगवा खिशात ठेवला, मग वळले. अक्का गल्लीच्या मध्यावर होती. केरसुणी तिच्या उजव्या हातात होती. त्यांनी पुन्हा आरशात पाहिलं. डाव्या. पुन्हा वळून पाहिलं. हे त्यांनी चार वेळा केलं. पाचव्यांदा मामी म्हणाल्या, "अहो पुरे, मान लचकेल."

अक्का परत आली तेव्हा तिला धाप लागली होती. ती बाकावर बसली नाही. मामांच्या पुढ्यात येऊन उभी राहिली.

"सात वर्षं तू आरशातलं सांगत होतास?"

सात वर्षांत ती त्यांना पहिल्यांदाच 'तू' म्हणाली होती. हे तिच्याखेरीज सगळ्यांच्या लक्षात आलं. मामांच्याही आलं, आणि एक क्षणभर, त्यांचं त्यांनाच पुढे याची लाज वाटली, पण एक क्षणभर त्यांना आनंद झाला.

मग घराने बाजू बदलायला सुरुवात केली. धाकटा, जो मघापर्यंत भावाच्या नजरेचे गोडवे गात होता, तो म्हणाला की झालं ते झालं, आता हे बाहेर कशाला न्यायचं. ज्याला डावं-उजवं कळत नाही त्याच्या हाती मान कोण देईल? तीन खुर्च्या आहेत, दोघांची घरं आहेत. यावर अक्का त्याला म्हणाली की तुझ्या खुर्चीवर तसंही कोण बसतं. मामी आधी नवऱ्याच्या बाजूने होत्या. वयाचं कारण सांगा, म्हणाल्या, आठवत नाही म्हणा, म्हणजे सगळी साक्षच बाद होईल आणि तुमचीही इज्जत राहील. तेवढ्याने भागणार नाही असं वाटून त्यांनी पुरावेही दिले: यांनी मुलीच्या शाळेच्या पहिल्या दिवशी तिचे बूट उलटे घातले होते, मेहुण्याच्या लग्नाला एक दिवस उशिरा पोचले होते, आणि गेली तीस वर्षं मीठ कुठल्या डब्यात असतं ते यांना माहीत नाही.

"आई, त्यांना पूर्ण बाद करू नकोस," वकीलबाई कळवळून म्हणाली. "डगला खरा पाहिजे, वेळ खरी पाहिजे, हातातली वस्तू खरी पाहिजे. ते सगळं त्यांनी नीट पाहिलंय, म्हणूनच हात उलटा असण्याला अर्थ आहे. मला बाबा विश्वासार्हच हवेत. फक्त हाताबाबत चुकलेले."

"म्हणजे मनगटापर्यंत विश्वासार्ह," मामा म्हणाले.

कुणी हसलं नाही, पण भाचीचे खांदे किंचित हलले. ते हसू होतं की दुसरं काही, हे पाठीमागून मामांना कळलं नाही. आरशात बघायची त्यांना हिंमत झाली नाही.

सरकारी वकील काय म्हणतील तेही वकीलबाईने सांगून टाकलं. साक्षीदाराची मुलगी बचावाच्या वकिलांकडे कामाला, आरोपी भाचीचा नवरा, आणि साक्षीदाराला सात वर्षांनी आरसा आठवतो. नात्यातला माणूस नात्यासाठी फिरला, असं ते म्हणणार. मामांना यातली गंमत कळली. नात्याविरुद्ध बोलले म्हणून ते एकदा खरे ठरले होते. आता नात्याच्या बाजूने बोलतील तर त्याच नात्यामुळे खोटे ठरतील. भाचीचे मामा असणं त्यांना टाळता येण्यासारखं नव्हतं, आणि दोन्ही वेळा तो त्यांचा सगळ्यात ठळक गुण होता. पण मास्तरांची दीड पानं जुनीच आहेत, वकीलबाई म्हणाली, ती कुणी आज लिहिलेली नाहीत. पंचनाम्याच्या नकाशात आरसा आणि खुर्च्या काढलेल्या आहेत. तुम्ही फक्त तुमचं तोंड कुठे होतं ते प्रतिज्ञापत्रावर सांगायचं. वरच्या कोर्टाला गरज वाटली तर ते जादा पुरावा घेऊ शकतात. घेतीलच असं नाही.

"आणि मला शिक्षा?"

"शपथेवर चुकणं वेगळं, खोटं बोलणं वेगळं. पण निकालात तुमच्याबद्दल काही चांगलं लिहिणार नाहीत, एवढं नक्की."

मामांनी काचेतल्या परिच्छेदाकडे पाहिलं. मग ते तिकडे गेले आणि तो खिळ्यावरून काढायला लागले. वकीलबाईने हात धरला. राहू द्या, म्हणाली, परवापर्यंत राहू द्या, कुणी बघायला आलं तर पुरावा नष्ट केला म्हणतील. त्यामुळे मामांना तो मोठेपणाही करता आला नाही.

तेव्हा भाची खुर्चीत फिरली. खुर्चीला करकरण्याची सवय होती, ती करकरली.

"तो सुटेल?" तिने वकीलबाईला विचारलं.

"माहीत नाही. साखळीतली मुख्य कडी निघते. बाकी भांडण राहतं, डगला राहतो. तेवढ्यावर जन्मठेप टिकू नये. पण टिकू नये आणि टिकणार नाही यात फरक आहे, मी तुला खोटं सांगणार नाही."

भाचीने मान हलवली. मग ती मामांकडे बघून म्हणाली, "मामा, तुम्हाला एकदाही शंका आली नाही?"

प्रश्न रागाचा नव्हता. रागाचा असता तर मामांकडे उत्तरं होती: कुणी विचारलं नाही, मी नाव घेतलं नाही, वकिलाचं काम होतं. ती सगळी उत्तरं त्यांनी एकेक करून मनात उचलली आणि खाली ठेवली.

"एकदा आली," ते म्हणाले. "कोर्टातच. न्यायाधीश म्हणाले, कुठल्या हातात होतं ते हात वर करून दाखवा. मी डावा हात वर केला. आणि काहीतरी टोचलं. कॉलरमध्ये केस अडकतो ना, तसं. दिसत नाही, सापडत नाही, नुसतं टोचतं. मला वाटलं थांबावं, आणि म्हणावं जरा दुकानात जाऊन बघून येतो."

"मग?"

"सगळं कोर्ट माझ्याकडे बघत होतं. टाइप करणारा थांबला होता माझ्यासाठी. मला आजवर इतक्या लोकांनी एकदम कधी ऐकलं नव्हतं गं. चांगलं चाललं होतं माझं." त्यांनी एप्रन नसलेल्या छातीवर हात पुसले. "म्हणून नाही थांबलो."

मामी खाली बघू लागल्या. अक्का आता बाकावर बसली.

"लिही," मामा वकीलबाईला म्हणाले. "टोचलं तेही लिही."

वकीलबाईने लिहायला घेतलं. मामा मजकूर सांगू लागले, "मी, बेचाळीस वर्षे या व्यवसायात असून, आजवर एकाही गिऱ्हाइकास..." तिने ते खोडलं. त्यांनी सत्याबद्दल एक वाक्य सुचवलं. तेही खोडलं. शेवटी साडेचार ओळी उरल्या. मामांना वाचून दाखवल्या तेव्हा त्या त्यांना फार उघड्या वाटल्या, थंडीत टक्कल केल्यासारख्या. "वस्तरा चालू असल्याने मी मागे वळलो नाही. मी पाहिले ते समोरच्या आरशात पाहिले. आरशातील डावा हात तो मी डावा हात म्हणून सांगितला. साक्ष देताना मला क्षणभर शंका आली होती, ती मी बोललो नाही. इतर तपशील मी सांगितला तसाच आहे." उद्या सकाळी अधिकाऱ्यासमोर शपथ घ्यायची, आज कच्च्या कागदावर सही. मामांनी सही केली. एरवी त्यांची सही वेलबुट्टीची असे. आज ती सरळ आली.

फाइल बांधली गेली. धाकटा केरसुणीचा टॉवेल सोडवत होता. भाची खुर्चीतून उतरून उभी राहिली आणि पिशवी खांद्याला अडकवू लागली. मामांना कळलं की आता जे बोलायचं ते आत्ताच बोलायला हवं, उद्यापर्यंत त्याची गोष्ट होऊन जाईल आणि परवापर्यंत ती वीस मिनिटांची होईल. ते तिच्या समोर गेले. दोन्ही पाय जमिनीला रोवून, हात जोडावेत की खांद्यावर ठेवावेत हे न ठरल्यामुळे अर्धवट पुढे केलेले, असे उभे राहिले. सात वर्षांची माफी एका श्वासात मागायची तर सुरुवात कुठून करावी, याची त्यांनी मनात जुळणी केली. डोळे भरून आले. आवाज लागला.

"पोरी," ते म्हणाले, "या सात वर्षांत तुझ्यावर जे जे—"

"मामा, पाय उचला जरा," भाची म्हणाली. "माझी चप्पल आलीये खाली. आणि तुरुंगात भेटीची वेळ पाचला संपते."